आठशे बेचाळीसचा बेडूक

मी आणि बायकोनं मिळून शेवटचं काय केलं असेल, तर बागेतल्या कारंज्यापाशी एक बेडूक बसवला. खरा नव्हे, तिच्या फोनातला.

मुलुंडला आमच्या बिल्डिंगच्या मागच्या गल्लीत बाग आहे. मधोमध जुनं कारंजं, भोवती बाकडी. डॉक्टरांनी तिला साखरेसाठी रोज चालायला सांगितलं होतं आणि तिला चालायचा कंटाळा. म्हणून दिवाळीला मुलगी आली तेव्हा तिनं आईच्या फोनात हा खेळ घालून दिला. चालत राहायचं, वाटेत फोनात चित्रविचित्र प्राणी दिसतात, त्यांना चेंडू मारून पकडायचं आणि पिशवीत ठेवायचं. मी म्हटलं, या वयात हे काय नवीन! पण महिन्याभरात बाई रोज दोन-दोन तास चालायला लागली. ती सातवी शिकलेली, मी चौथी. तिला फोन कळायचा. मला तो फक्त उचलता येतो.

ते कारंजं म्हणजे त्या खेळातला अड्डा. खेळणारे त्याला जिम म्हणतात. खेळणाऱ्यांचे तीन गट, लाल, निळा, पिवळा. ज्याचा प्राणी तिथं बसलाय, अड्डा त्याच्या गटाचा. मग दुसऱ्या गटाचा कुणी येणार, आपले प्राणी अंगावर सोडून त्याला पाडणार आणि स्वतःचा बसवणार. ती पिवळी. त्या संध्याकाळी तिथं कुणा लालवाल्याचा पंखवाला किडा बसला होता. तिनं बाकड्यावर बसून दोन्ही अंगठ्यांनी ठोकून ठोकून त्याला पाडलं. किडा धुरासारखा उडून गेला.

"मेला?" मी विचारलं.

"गेला," ती म्हणाली. "आता आपला बसवूया. कुठला ठेवू सांगा."

मी चष्मा लावून बघितलं. प्रत्येक प्राण्याच्या डोक्यावर एक आकडा. सगळ्यात मोठा आकडा एका शिंगवाल्या धुडाचा होता, सत्तावीसशे चौदा. मी त्यावर बोट ठेवलं.

इथं सांगायला हवं की मी एकतीस वर्षं ट्रकच्या वजनकाट्यावर काढली, चेकनाक्याच्या बाजूला. ट्रक लोखंडी पाटावर चढणार, काचेआड आकडा पेटणार, मी तो पावतीवर लिहिणार. मालक ओरडू दे, ड्रायव्हर शिव्या देऊ दे, आकडा लिहिला की सगळे गप्प. आकडा बघितल्यावर मला पुढं काही विचारावंसं वाटत नाही. सवयच तशी.

"तुमका काय कळता त्यातला?" ती म्हणाली. मला वेड्यात काढायचं असलं की ती गावचं बोलायची. "हा वरचा आकडा आजचा आहे. खायला घालून घालून वाढवलेला. आता हे बघा."

तिनं कुठंतरी दाबलं आणि त्या धुडाखाली तीन पट्ट्या आल्या. एक मारायच्या ताकदीची, एक सोसायच्या ताकदीची, एक दमाची. तिन्ही पट्ट्या जेमतेम सुरू होऊन थांबलेल्या.

"ह्या जन्माच्या. कितीही भरवा, ह्या हलत नाहीत. हा नुसता फुगलाय."

मग तिनं बेडूक काढला. दगडासारखी पाठ, अर्धवट मिटलेले डोळे, वर आकडा आठशे बेचाळीस. पण खालच्या तिन्ही पट्ट्या शेवटापर्यंत भरलेल्या, लालभडक.

"पंधरा, पंधरा, पंधरा. याच्या वर काही नसतं. इतके पकडले, पण असला हा एकच."

"मग आकडा एवढासा का?"

"भरवलाच नाहीये अजून. आणि तिथं बसून मोठ्या आकड्याचे लवकर दमतात. बारके टिकतात."

"म्हणजे मी सत्तावीसशेवाला आणि तू बेडूक," मी म्हटलं.

"तुमच्या पट्ट्या बघायच्या राहिल्यात अजून," ती म्हणाली आणि मोठ्यानं हसली. बाजूच्या बाकड्यावरची बाई बघायला लागली.

तिनं बेडूक बसवला. सकाळपर्यंत बसेल, म्हणाली, आणि पुढं आणखी काहीतरी म्हणाली. माझं लक्ष नव्हतं. माझ्या डोक्यात सत्तावीसशे चौदाच घोळत होतं.

उठताना तिनं बाकड्याची कड धरली. डाव्या जबड्यावर हात दाबला. "दाढ ठणकतेय सकाळपासून," म्हणाली. "आणि आज दम लागतोय हो." थंडीचे दिवस, तरी कपाळावर घाम होता. कोपऱ्यावरच्या औषधाच्या दुकानात बीपी बघतात, तिथं मी तिला नेलं. मशीनवर आकडा आला, एकशे तीस, ऐंशी. मी तो दोनदा वाचला.

"बरोबर आहे," मी म्हटलं. "चल घरी. दाढेत लवंग धर."

"तुम्ही म्हणता तर बरोबर," ती म्हणाली.

तिनं लवंग धरली, आमटी गरम केली, जेवलो, झोपलो. सकाळी सहाला मी दूध घेऊन आलो तेव्हा ती उठली नव्हती. त्याच्यापुढचं मला लिहायचं नाही.

डॉक्टर नंतर म्हणाले, हृदय. बायकांना छातीत दुखतंच असं नाही, जबड्यात दुखतं, दम लागतो. मी विचारलं, मग आकडा? ते म्हणाले, आकडा बरोबर असू शकतो, काका.

तिसऱ्या दिवशी घर माणसांनी भरलेलं असताना कपाटावर तिचा फोन थरथरला. मी घेतला. पडद्यावर लिहिलं होतं की तुमचा प्राणी थकलाय. उघडलं तर कारंजं, आणि त्यावर बेडूक बसलेला. खाली तिचं खेळातलं नाव. बाजूला पत्त्यांतल्यासारखा एक बदाम असतो, तो निम्मा रिकामा झालेला. आणि डोक्यावर आठशे बेचाळीस नव्हतं. पाचशे दहा होतं.

तीन दिवसांत पाचशे दहा! कुणी बघायलाच नव्हतं त्याला.

बसवलेल्या प्राण्याला खेळातली फळं कशी द्यायची तेवढं मला येत होतं. स्वयंपाक करताना हात पिठाचे असले की ती आतून ओरडायची, "अहो, दोन फळं द्या हो त्याला." मी भिंतीकडे तोंड करून एक दिलं. बदाम थोडा भरला, आकडा थोडा चढला. आणखी दिलं, आणखी चढला. नंतर मला कळलं की घरातून दिलेलं कमी लागू पडतं, कारंज्यापाशी जाऊन दिलेलं जास्त. तेव्हापासून मी सकाळ-संध्याकाळ बागेत. लोक भेटायला यायचे आणि मी नसायचो. मुलगी त्यांना सांगायची, बाबांना मोकळी हवा हवीशी वाटते. हवा कसली! मी आकडा खाली येतो किती आणि वर चढतो किती ते बघत बसायचो, आणि तो दर वेळी खालीच आलेला असायचा.

तिथंच मला तो रिक्षावाला दिसला. पंचेचाळिशीचा, मिशीत पांढरे केस, खाकी शर्टाची वरची दोन बटणं उघडी. रोज सकाळी साडेसातच्या सुमाराला रिक्षा गेटपाशी लावणार, कारंज्याजवळ येऊन उभा राहणार, फोन काढून बघणार. पहिल्यांदा मी त्याच्या मागून गेलो तेव्हा त्याच्या फोनात लाल झेंडा दिसला. आणि कारंज्यावर आमचा बेडूक.

लालवाला. त्या दिवशीचा पंखवाला किडा याचाच असणार. सूड घ्यायला आलाय, असं मी धरून चाललो. तो आला की मी बाकड्यावरून उठून भराभर फळं टाकायचो, बदाम काठोकाठ भरेपर्यंत. तो माझ्याकडे बघायचा, काहीतरी बोलायला तोंड उघडायचा आणि तसाच निघून जायचा. मी पण असा बघायचो की बोलायची हिंमत होऊ नये. ट्रकवाल्यांना बघायचो तसा.

पडला तर काय होतं, हे मी कुणाला विचारलं नाही. विचारायचं काय त्यात? किडा धुरासारखा उडालेला मी स्वतः बघितला होता.

नवव्या दिवशी मुलीनं फोन मागितला. त्यात आईचे फोटो आहेत, जागा भरलीय, मला ते काढून घ्यायचेत, म्हणाली. मी दिला. दोन मिनिटांनी तिच्या खांद्यावरून बघितलं तर तिचं बोट त्या खेळाच्या चित्रावर दाबून धरलेलं आणि पडद्यावर विचारलेलं, काढून टाकायचं का?

"हात काढ!" मी एवढ्यानं ओरडलो की शेजारीण दारात आली.

"बाबा, मीच घातला होता. आता कोण खेळणार आहे?"

"हात काढ म्हणतो ना!"

"अहो, खेळ आहे तो!"

"तुझ्या आईचा प्राणी बसलाय तिथं. जिवंत आहे तो."

तिनं फोन माझ्या हातात दिला आणि आतल्या खोलीत जाऊन दार लोटलं. आतून रडण्याचा आवाज आला. आईसाठी रडत होती की माझ्यासाठी, मी विचारायला गेलो नाही.

दुसऱ्या दिवशी दहावा. खाडीकाठच्या घाटावर पिंड मांडले. भिंतीवर पाच-सहा कावळे, पण खाली एकही उतरेना. आमच्यात अशा वेळी माणसं पुढं होऊन मोठ्यानं बोलतात. गेलेल्या माणसाचं काही मनात राहिलं असेल तर ते आम्ही करू, असं सांगतात. मुलगी म्हणाली, आई, बाबांकडे मी बघेन. कावळे जागचे हलले नाहीत. कांदिवलीहून मेव्हणा आला होता, तो म्हणाला, ताई, गावच्या घराची कौलं यंदा बदलून घेतो. एक कावळा उडाला आणि पलीकडे जाऊन बसला. ऊन चढलं. भटजी घड्याळ बघायला लागले. दर्भाचा कावळा करूया का, म्हणाले.

"भावोजी, तुम्ही बोला काहीतरी," मेव्हणा म्हणाला. "सगळे बोलले, तुम्हीच गप्प. आणि हातात तो फोन कशाला धरलाय इथं पण?"

फोन माझ्या हातात होता, कारण बदाम पाऊण रिकामा झाला होता आणि घाटावरून मी फळं देत होतो. मी दोन पावलं पुढं गेलो आणि सगळ्यांदेखत म्हणालो, "तुझा बेडूक मी पडू देणार नाही. मी आहे तोवर तो पडणार नाही."

माझ्या मागं कुणाला तरी हसू फुटलं ते मी ऐकलं. पण वरचा कावळा सरळ खाली आला आणि पिंडाला शिवला.

हसणारा गप्प झाला. मेव्हण्यानं हात जोडले. आणि माझी वाट लागली. कारण आता तो खेळ राहिला नाही, शब्द झाला. आणि कावळ्यानं तो घेतला होता.

त्यानंतरचा आठवडा मी कसा काढला, मलाच ठाऊक. तेरावं आटोपून मुलगी नाशिकला गेली. जाताना पाया पडली, फोनचा विषय तिनं काढला नाही आणि मीही नाही. पिशवीतली फळं संपत आली. नवीन फळं मिळवायला चालावं लागतं, ठरावीक खुणांपाशी थांबून चकती फिरवावी लागते. मी गुडघ्याला पट्टा बांधून चाललो. चेकनाक्यापर्यंत, तिथून स्टेशनापर्यंत, परत. मिळालं की कारंज्यापाशी. आकडा आठशेला न्यायचा, घरी यायचं, भात टाकायचा, सकाळी उठेपर्यंत सातशे. झोपेत पण मला आकडा दिसायचा, काचेआड पेटलेला, एकेक करून खाली येणारा.

रिक्षावाला रोज येत होताच.

सतराव्या दिवशी संध्याकाळी फळं संपली. एकच राहिलं. बदाम निम्म्याच्या खाली, आकडा तीनशे. आणि तो नेमका तेव्हा आला. सकाळचा माणूस संध्याकाळी. कारंज्यापाशी उभा राहिला, फोन काढला, अंगठा वर धरला. मी बाकड्यावरून उठलो आणि त्याचं मनगट धरलं.

"हात लावशील तर बघ."

"काका, अहो, सोडा."

"दोन आठवडे बघतोय तुला. टपून बसलायस. माझ्या बायकोचा आहे तो. गेली ती. कळलं? वारली. आता पाड, असशील मर्दाचा तर."

त्यानं मनगट सोडवून घेतलं नाही. मग म्हणाला, "माहीत आहे मला, काका. मावशी गेल्याचं गेटबाहेरच्या फुलवालीनं त्याच सकाळी सांगितलं. म्हणून तर हात लावला नाही. आत्ताही नुसता बघत होतो, आहे का तो."

"म्हणजे?"

"म्हणजे मीच पाडायचो ना रोज. सकाळी साडेसातला. मावशी संध्याकाळी बसवणार, मी सकाळी पाडून माझा किडा बसवणार, मावशी संध्याकाळी माझा पाडणार. ठरलेलंच होतं आमचं. तीन महिने. एक दिवस उशीर झाला तर दुसऱ्या दिवशी इथंच ओरडायच्या माझ्यावर, काय रे, माझ्या पोराला उपाशी बसवलंस काल!"

मी म्हटलं, "पाडायला ओरडायची?"

"मग! तिथं बसून काय मिळतं? पडल्याशिवाय प्राणी परत येत नाही, काका. पडला की सरळ मालकाच्या फोनात घरी. येताना बसल्याबद्दल खेळातली थोडी नाणी आणतो. बसलाय तोवर अडकलाय. त्याला दुसरं काही करता येत नाही, मालकाला त्याला हात लावता येत नाही. इथल्या खेळणाऱ्यांच्या ग्रुपवर मीच टाकलंय, कारंज्यावरच्या बेडकाला कुणी हात लावायचा नाही. मला वाटलं, घरच्यांना तसंच हवंय. तुम्ही फळं टाकत होता ना."

मी बाकड्यावर बसलो. तो शेजारी बसला, थोडं अंतर ठेवून.

"आकडा उतरतोय त्याचा," मी म्हटलं. "आठशे बेचाळीस होता. मरतोय तो."

"आण इकडे," तो म्हणाला, आणि लगेच जीभ चावली, "म्हणजे, द्या जरा."

त्यानं तिच्या फोनात बेडकाचं पान काढलं. तिथं वर आठशे बेचाळीस. जसाच्या तसा. खाली तीन पट्ट्या, पंधरा, पंधरा, पंधरा.

"हा त्याचा खरा आकडा. हा कमी होत नाही. कारंज्यावर दिसतो तो नुसता तिथला. एका जागी बसून कंटाळला की उतरतो, घरी आला की सगळं होतं तसं. आणि ह्या तीन पट्ट्या तर..."

"जन्माच्या," मी म्हटलं. "माहीत आहे. तिनं सांगितलं होतं."

मी त्या पट्ट्यांकडे बघत बसलो. काट्यावर असताना मला एक गोष्ट कळायची, जी पावतीवर कधी लिहिली नाही. गाडी पाटावर चढताना तिच्या स्प्रिंगच्या पाट्यांचा आवाज यायचा. कुठली गाडी माल पेलतेय आणि कुठली पुढच्या चढावर मोडून पडणार, ते मी त्या आवाजावरून सांगायचो. वजन दोघींचं सारखं असायचं. ड्रायव्हरला मी हळूच म्हणायचो, आज घाट घेऊ नकोस. ते ऐकायचे. एकतीस वर्षं हे मी अनोळखी माणसांना सांगितलं. आणि घरचं माणूस जबडा दाबून, घामानं भिजून माझ्यासमोर उभं असताना मी काचेवरचा आकडा वाचला आणि म्हटलं, बरोबर आहे.

हे मी रिक्षावाल्याला सांगितलं नाही. त्याला म्हटलं, "मी शब्द दिलाय. दहाव्याला. कावळा शिवला त्याच्यावर."

"काय शब्द?"

"पडू देणार नाही म्हणून."

त्यानं मिशीवरून हात फिरवला. गेटपाशी कुणीतरी त्याच्या रिक्षात बसून हॉर्न वाजवायला लागलं. तो तिकडे हात करून ओरडला, "येतो ना, थांबा!" मग मला म्हणाला, "काका, मावशींना तुम्ही विचारलं असतं तर त्या काय म्हणाल्या असत्या?"

आता मला आठवलं. त्या संध्याकाळी ती काय म्हणाली होती ते, पुढचं. सकाळपर्यंत बसेल, मग येईल घरी. सकाळी चहा उकळेपर्यंत ती फोन घेऊन ओट्याशी उभी असायची. पडद्यावरची औषधाची बाटली कुणा प्राण्यावर दाबायची. मी पेपरमधून विचारायचो, काय चाललंय? ती म्हणायची, औषध देतेय. मी म्हणायचो, बरं. कुणाला, कशाचं, कधी विचारलं नाही.

शब्द मीच दिला होता, तिनं मागितला नव्हता. तिला काय हवंय ते मला माहीतच नव्हतं, म्हणून मला हवं ते मी बोललो. कावळ्याला भूक लागली असेल.

"उद्या येणारेस?" मी त्याला विचारलं.

"साडेसातला. येतोच रोज."

"पाड त्याला."

"नक्की ना, काका? मग परत म्हणाल, लालवाल्यानं..."

"पाड म्हणतो ना. ठरलेलं होतं ना तुमचं? मग."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी साडेसहालाच बाकड्यावर जाऊन बसलो. एक फळ पिशवीत राहिलं होतं. बदामात शेवटचा थेंब उरलेला, आकडा एकशे नव्वद. रिक्षा वेळेवर आली. तो आला, माझ्याकडे बघितलं, मी मान हलवली. मग त्यानं अंगठा चालवला आणि माझ्या हातातल्या फोनात कारंज्याभोवती लाल ठिणग्या उडायला लागल्या.

माझा अंगठा त्या फळावर होता. एवढं दिलं असतं तर आणखी एक दिवस टिकला असता. बदाम रिकामा होत गेला. मी फोन मांडीवर पालथा घातला आणि त्यावर तळवा दाबून धरला.

"झालं, काका," तो म्हणाला.

मी सुलटा केला. कारंज्यावर कुणी नव्हतं. मग फोन थरथरला. तुमचा बेडूक परत आला आहे, असं त्यावर लिहिलं होतं. किती दिवस बसला होता तेही लिहिलं होतं.

"बघितलंत?" तो म्हणाला. त्याचे डोळे भरले होते आणि ते लपवायला तो फोनात बघत आपला किडा बसवत होता. "संध्याकाळी माझा कोण पाडणार, ते ठरवा. नाहीतर माझा अडकेल."

"बघू," मी म्हटलं. "आधी शिकव."

घरी येऊन मी ओट्यावर चहा ठेवला आणि उकळायला लागेपर्यंत फोन उघडला. पिशवीत बेडूक पडलेला सापडला, डोळे मिटून, अंगात दम शून्य. आकडा आठशे बेचाळीस. आकड्याकडे मी फार वेळ बघितलं नाही. औषधाची बाटली कुठं असते ते शोधायला मला वेळ लागला, चहा उतू गेला, गॅस मालवला. मग सापडली. आधी शुद्धीवर आणायचं औषध दिलं. त्यानं डोळे उघडले. मग दुसरं दिलं, मग आणखी एक, त्याची दमाची रेघ पूर्ण भरेपर्यंत देत राहिलो.